घरची बाग : सायक्लेमेन वाळले म्हणून टाकू नका

हिवाळ्याच्या दिवसांत रोपवाटिकेत गेले की एका कुंडीपाशी पाय हमखास थबकतात. हृदयाच्या आकाराची, रुपेरी नक्षीची गर्द हिरवी पाने आणि त्यांच्यावर उंच, बारीक देठांवर उभी असलेली पांढरी, गुलाबी, लाल किंवा जांभळट फुले. इतर फुलांच्या पाकळ्या पुढे उमलतात, याच्या मात्र मागे वळून वर उठतात. त्यामुळे पानांवर फुलपाखरांचा थवा बसल्यासारखा वाटतो. हे सायक्लेमेन. झेंडू, पिटुनियासारख्या हंगामी रोपांपेक्षा ते महाग असते, पण दिवाणखान्याची शोभा वाढवायला एकच कुंडी पुरते. म्हणून गृहिणी मनाचा हिय्या करून ती विकत घेतात.

पुढची कथा बहुतेक घरांत सारखीच असते. जानेवारीत कुंडी फुलांनी भरून जाते. फेब्रुवारीत फुले कमी होतात. मार्च उजाडला की पाने पिवळी पडू लागतात. घरातले सगळे काळजीत पडतात. ऊन वाढले, रोप तहानले असेल, असे समजून सकाळ-संध्याकाळ झारीभर पाणी घातले जाते. पाने आणखी पिवळी होतात, मग आणखी पाणी. एप्रिलमध्ये रोप मुळापासून लिबलिबीत होते आणि कुंडी रिकामी केली जाते. "थंड हवेचे झाड, आपल्याकडे नाही टिकायचे," असा निष्कर्ष निघतो.

खरे तर ते रोप मरत नव्हते, झोपी जात होते. उन्हापेक्षा त्याचा जीव घेतला तो मायेने घातलेल्या पाण्याने. एवढी एक गोष्ट समजली तर तीच कुंडी पुढच्या हिवाळ्यात पुन्हा फुलू शकते.

उलट्या घड्याळाचे झाड

सुरण, हळद, भुईचाफा ही आपल्याकडची कंदाची झाडे. पहिला पाऊस पडला की ती जागी होतात, पावसाळाभर वाढतात आणि थंडीत त्यांची पाने वाळून जातात. कंद मातीत निपचित पडून राहतो. हळदीची पाने वाळली म्हणून कोणी रडत बसत नाही. कंद आत सुखरूप आहे, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसांनाही ठाऊक असते.

सायक्लेमेनही कंदाचेच झाड आहे, फक्त त्याचे घड्याळ उलटे चालते. घरात लावली जाणारी जात भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडील तुर्कस्तान, सीरिया, लेबनॉन, इस्रायल, सायप्रस या मुलखातली. तिथे पाऊस हिवाळ्यात पडतो आणि उन्हाळा कडक, कोरडा असतो. म्हणून हे झाड पावसाबरोबर शरद ऋतूत जागे होते, हिवाळ्यात आणि वसंतात फुलते आणि उन्हाळा आला की पाने टाकून कंदात शिरते. आपल्याकडे आणल्यावरही त्याची ही सवय जात नाही. पंचाईत अशी, की ज्या महिन्यांत त्याला कोरडे राहायचे असते त्याच महिन्यांत आपल्याकडे वळवाचा आणि मग मोसमी पाऊस कोसळतो.

या जातीचे शास्त्रीय नाव 'सायक्लेमेन पर्सिकम', म्हणजे पर्शियाचे सायक्लेमेन. गंमत अशी, की पर्शियात, म्हणजे आजच्या इराणात, ते रानात उगवतच नाही. 'सायक्लेमेन' हा शब्द मात्र चपखल आहे. ग्रीक भाषेत 'किक्लोस' म्हणजे वर्तुळ, आणि याचा कंद गोल, चपटा, चकतीसारखा असतो. युरोपात डुकरे हे कंद उकरून खात, म्हणून इंग्रजीत त्याला डुकराची भाकरी अशा अर्थाचेही एक नाव आहे. रानातली मूळ फुले लहान आणि सुवासिक होती. एकोणिसाव्या शतकात युरोपातील बागायतदारांनी निवड करत करत फुलांचा आकार आणि रंग वाढवले. त्या खटाटोपात बहुतेक मोठ्या फुलांचा सुवास मात्र हरवला.

येलवालची हवा

म्हैसूरहून हुणसूरकडे जाणाऱ्या रस्त्यावर येलवाल लागते. मराठी वाचकांना हे नाव विनोबांमुळे आठवेल. सप्टेंबर १९५७ मध्ये इथेच ग्रामदान परिषद भरली होती आणि विनोबांबरोबर राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद आणि पंतप्रधान नेहरूही तिला हजर होते. आता या रस्त्याच्या आसपास औद्योगिक वसाहती आणि नव्या घरांच्या रांगा उभ्या राहिल्या आहेत. येलवालच्या परिसरातच बागलकोटच्या उद्यानविद्या विद्यापीठाचे महाविद्यालयही आहे.

या भागाला बागांची परंपरा आहे. जवळच कृष्णराजसागर धरणाच्या पायथ्याशी वृंदावन बाग आहे. तिच्या आखणीत ज्यांचा हात होता ते जर्मन उद्यानतज्ज्ञ क्रुंबिगल १८९३ मध्ये भारतात आले ते थेट बडोद्याला, सयाजीराव गायकवाडांच्या चाकरीत. पुढे म्हैसूर संस्थानाने त्यांना बंगळूरच्या लालबागेसाठी बोलावून घेतले. दसऱ्यात म्हैसूरला भरणारे पुष्पप्रदर्शन पाहायला आजही लोक लांबून येतात.

सायक्लेमेनच्या दृष्टीने म्हैसूर-येलवालची हवा ना पुरती अनुकूल, ना पुरती प्रतिकूल. समुद्रसपाटीपासून सुमारे ७७० मीटर उंचीवर असल्याने डिसेंबर-जानेवारीत रात्रीचे तापमान १६-१७ अंश सेल्सिअसच्या आसपास उतरते. दिवसा ते २८ अंशांपर्यंत जाते. एप्रिलमध्ये दुपारी पारा ३४-३५ अंशांवर असतो. सायक्लेमेनला आवडते ते १० ते १८ अंशांचे हवामान. सव्वाशे किलोमीटरवरच्या उटीला, सुमारे २,२४० मीटर उंचीवर, ते आपोआप मिळते. १८४८ पासून आकाराला आलेल्या तिथल्या सरकारी वनस्पती उद्यानात फिरणाऱ्याला थंड हवेच्या फुलांचा तजेला लगेच जाणवतो. येलवालला मात्र थोडी युक्ती लागते. हिवाळ्याच्या रात्री कामी येतात. सांभाळायच्या असतात त्या दुपारी आणि उन्हाळा.

विकत घेताना

फुलांनी गच्च भरलेली कुंडी निवडण्याचा मोह आवरावा. जिच्यात दोन-चार फुले उमललेली आणि पानांच्या खाली बारीक कळ्यांची दाटी आहे ती कुंडी घ्यावी. पाने हळूच बाजूला करून मधोमध पाहावे. तिथे राखाडी रंगाची बुरशी, कुजकट वास किंवा मऊ पडलेले देठ दिसले तर ती कुंडी कितीही सुंदर असली तरी परत ठेवावी. कंदावर बोट दाबून पाहावे. तो कच्च्या बटाट्यासारखा टणक लागला पाहिजे.

घरी आणल्यावर दोन गोष्टी कराव्यात. कुंडीभोवती चकचकीत कागद गुंडाळलेला असेल तर तो काढून टाकावा, कारण त्यात पाणी साचते. आणि लगेच कुंडी बदलण्याची घाई करू नये. फुलावर असलेल्या रोपाची मुळे हलवली तर कळ्या गळतात. कुंडी बदलण्याचा मुहूर्त झोप संपताना असतो, त्याविषयी पुढे येईलच.

जागा आणि पाणी

भरपूर उजेड, पण दुपारचे ऊन नाही, अशी जागा याला हवी. उत्तरेची किंवा पूर्वेची खिडकी किंवा व्हरांडा उत्तम. कोवळे सकाळचे ऊन चालते. टीव्हीच्या किंवा फ्रिजच्या माथ्यावर कुंडी ठेवू नये, तिथे उष्णता असते आणि उजेड कमी. रात्री कुंडी गच्चीत किंवा गॅलरीत गारव्याला ठेवून सकाळी आत आणली तर फुले जास्त दिवस टिकतात.

दुपारचा उष्मा कमी करायला माठाची युक्ती वापरता येते. सायक्लेमेन प्लॅस्टिकच्या कुंडीत असेल तर ती कुंडी मातीच्या मोठ्या कुंडीत ठेवावी आणि दोन्हींच्या मधल्या जागेत वाळू भरावी. वाळू ओलसर ठेवली की मातीच्या अंगातून पाणी उडत राहते आणि आतली कुंडी माठातल्या पाण्यासारखी गार राहते. मोठ्या कुंडीच्या तळाला भोक हवेच. नाहीतर वाळूत पाणी साचून आतल्या मुळांना लागेल.

पाणी घालताना एकच नियम पाळावा : कंदाच्या माथ्यावर पाणी पडता कामा नये. पानांचे आणि फुलांचे सगळे देठ तिथूनच फुटतात. तिथे पाणी साचले की बुरशी धरलीच. म्हणून कुंडी पाण्याच्या ताटलीत पंधरा-वीस मिनिटे ठेवावी, वरची माती ओलसर दिसली की उचलावी आणि ताटलीतले उरलेले पाणी ओतून टाकावे. हे शक्य नसेल तर बारीक तोटीच्या झारीने कडेकडेने पाणी द्यावे.

रोज ठरावीक वेळी पाणी घालण्याची सवय इथे उपयोगाची नाही. कुंडी उचलून पाहावी. हलकी लागली तर पाणी, जड लागली तर उद्या. पाने एकाएकी माना टाकतात तेव्हाही आधी कंद चाचपावा. कंद टणक आणि माती कोरडी असेल तर रोप तहानलेले आहे, पाणी मिळाले की काही तासांत पाने सावरतात. कंद मऊ आणि माती ओली असेल तर मुळे सडली आहेत. अशा वेळी पाणी घालणे म्हणजे दुखण्यावर डागणी.

सुकलेली फुले आणि पिवळी पाने कात्रीने अर्धवट कापू नयेत. उरलेला देठ कुजतो. देठ बुडाशी धरून थोडा पिळावा आणि झटक्याने ओढावा, तो कंदापासून स्वच्छ सुटतो. असे केल्याने नव्या कळ्यांना जोरही मिळतो.

उन्हाळ्याची झोप

फेब्रुवारीच्या अखेरीस नव्या कळ्या यायच्या थांबतात. हीच खूण. इथून पुढे पाणी बंद करायचे नाही, पण हळूहळू कमी करायचे. आठवड्यातून दोनदा देत असाल तर एकदा, मग दहा दिवसांनी. खत पूर्ण थांबवावे. पाने पिवळी होऊन वाळतील. ती सहज सुटतील तेव्हाच काढावीत. पानांतले अन्न कंदात परत जायला तेवढा वेळ मिळाला पाहिजे.

सगळी पाने वाळली की कुंडी सावलीच्या, हवेशीर आणि घरातल्या सगळ्यांत गार जागी आडवी करून ठेवावी. आडवी ठेवण्याचे कारण असे, की चुकून कोणी पाणी घातले किंवा वळवाच्या सरी आल्या तरी पाणी आत साचत नाही. म्हैसूर भागात एप्रिल-मेमध्ये चांगला पाऊस पडतो, तेव्हा कुंडी उघड्या गच्चीवर मुळीच ठेवू नये. दोन-तीन आठवड्यांनी एकदा मातीवर किंचित पाणी शिंपडावे, म्हणजे कंद सुकून सुरकुतणार नाही. माती भिजवायची नाही, फक्त ओलाव्याची चाहूल द्यायची.

कधी कधी येलवालसारख्या मवाळ हवेत रोप चार-पाच पाने धरून ठेवते, पुरते झोपतच नाही. अशा वेळी त्याला बळेच उपाशी ठेवू नये. गार सावलीत ठेवून अगदी बेताचे पाणी देत राहावे.

कुंडी बदलणे

कंदाच्या माथ्यावर टाचणीच्या डोक्याएवढे तांबूस-हिरवे कोंब दिसू लागले की रोप जागे झाले असे समजावे. म्हैसूरकडे ऑगस्टच्या अखेरीपासून सप्टेंबरपर्यंत ही वेळ येते. महाराष्ट्रात सप्टेंबरनंतर ऑक्टोबरचा उष्मा असतो, म्हणून तिथे घाई न करता रात्री गार होऊ लागल्यावर हे काम करावे. कुंडी बदलण्याची रीत अशी :

कुंडी : कंद आणि कुंडीची कड यांच्यात सव्वा इंच जागा सुटेल एवढीच कुंडी घ्यावी. दोन इंच रुंदीच्या कंदाला चार-पाच इंची कुंडी पुरे. मोठ्या कुंडीत जास्तीची माती ओली राहते आणि कंद सडतो. जुनी कुंडी वापरायची असेल तर घासून, धुऊन, कडक उन्हात वाळवावी.

माती : दोन भाग कुजलेल्या पालापाचोळ्याचे खत किंवा धुतलेले कोकोपीट, एक भाग बागेतली तांबडी माती आणि एक भाग जाड वाळू. त्यात दोन मुठी पूर्ण कुजलेले, चाळलेले शेणखत आणि चमचाभर निंबोळी पेंड मिसळावी. कोकोपीटमध्ये क्षार असतात, म्हणून ते दोन-तीन पाण्यांत धुऊन घ्यावे. म्हैसूरची तांबडी माती या कामाला चांगली. देशावरची काळी माती मात्र वापरू नये. ती पाणी धरून ठेवते आणि वाळली की भेगाळते.

कंद काढणे : कुंडी उलटी करून मातीचा गोळा अलगद बाहेर काढावा. जुनी माती बोटांनी झटकावी. काळी, पोकळ, वाळलेली मुळे कापावीत. पांढरी, भरीव मुळे राहू द्यावीत. कंदाचा एखादा कोपरा मऊ असेल तर धारदार, स्वच्छ चाकूने निरोगी भागापर्यंत कापून त्यावर गंधकाची पूड लावावी आणि दोन दिवस सावलीत सुकू द्यावे.

लावणे : कुंडीच्या भोकावर खापरी ठेवून माती भरावी. जुन्या देठांच्या खुणा असलेली बाजू वर आणि मुळांची बाजू खाली ठेवावी. हळद किंवा आल्यासारखा हा कंद मातीत पुरायचा नसतो. त्याचा वरचा एक तृतीयांश भाग मातीबाहेर, उघडा राहिला पाहिजे. हीच गोष्ट सर्वांत जास्त वेळा चुकते. पुरलेल्या कंदाच्या माथ्यावर ओल राहते आणि कोंब कुजून जातात.

पहिले पाणी : लावल्यावर एकदा कडेने बेताचे पाणी द्यावे आणि मग माती वरून सुकेपर्यंत थांबावे. पाने नाहीत म्हणजे पाणी उडवणारे कोणी नाही, हे लक्षात ठेवावे. जसजशी पाने येतील तसतसे पाणी वाढवावे.

खत आणि रोग

चार-पाच पाने आली की दर पंधरा दिवसांनी पातळ खत द्यावे. शेणखताचे किंवा गांडूळखताचे निथळलेले, फिकट चहासारखे पाणी चालते. बाजारातले विद्राव्य खत वापरायचे असेल तर पाकिटावर लिहिलेल्या मात्रेच्या निम्मे घ्यावे, आणि त्यात नत्र कमी, पालाश जास्त असावे. युरियासारखे नत्रखत दिले तर पानेच पाने होतात, फुले रुसतात. कळ्या दिसू लागल्यावरही खत सुरू ठेवावे, भर फुलोऱ्यात थांबवले तरी चालते.

राखाडी बुरशी हा या रोपाचा मुख्य शत्रू. हवा खेळती ठेवणे, माथा कोरडा ठेवणे आणि कुजके भाग लगेच काढणे हाच तिच्यावर खरा उपाय. कोवळी पाने आखडून वेडीवाकडी झाली, कळ्या उमलण्याआधीच डागाळल्या तर अतिशय बारीक कोळी किंवा फुलकिडे आहेत असे समजावे. असे रोप ताबडतोब इतर कुंड्यांपासून दूर ठेवावे, रोगट पाने काढावीत आणि निंबोळी तेलाचा सौम्य फवारा संध्याकाळी मारावा. फवारा पानांच्या खालच्या बाजूला मारावा आणि कंदाच्या माथ्यावर पाणी साचू देऊ नये. कंद कापल्यावर आत तांबूस-तपकिरी डाग दिसले आणि एकेक पान पिवळे पडत गेले तर तो मर रोग. त्यावर घरगुती इलाज नाही. रोप मातीसकट टाकून द्यावे, ती माती दुसऱ्या कुंडीत वापरू नये.

नवी रोपे हवी असतील तर

निशिगंधाच्या कंदाला पिल्ले येतात, तशी सायक्लेमेनला येत नाहीत. कंद वर्षागणिक मोठा होतो, पण त्याचे दोन होत नाहीत. बटाट्यासारखा कापून लावला तर बहुधा सडतो. नवे रोप मिळते ते बियांपासूनच.

घरातल्या फुलावर बी धरायचे असेल तर मऊ कुंचल्याने एका फुलाचे पराग दुसऱ्या फुलावर लावावेत. सायक्लेमेनच्या बहुतेक जातींत फळ धरले की देठ स्प्रिंगसारखा गुंडाळून फळ जमिनीशी आणतो. आपली घरगुती जात तसे करत नाही, तिचा देठ नुसता खाली वाकतो. फळ पिकून तडकायला काही महिने लागतात. बी रात्रभर पाण्यात भिजवून नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये अर्धा इंच खोल पेरावे आणि कुंडी काळ्या कागदाने झाकावी. याला उगवायला काळोख आणि १५ ते १८ अंशांचा गारवा लागतो. उगवायला चार ते सहा आठवडे लागतात. आधी मातीत इवलासा कंद तयार होतो आणि मग एकच पान वर येते. एकाच पानाकडे पाहून नाउमेद होऊ नये. फुले यायला साधारण सव्वा ते दीड वर्ष लागते. संकरित रोपाच्या बियांपासून आईसारखीच फुले येतील अशी खात्री नसते, पण घरात काय रंग येतो ते पाहण्याची उत्सुकता मुलांना खूप असते.

सायक्लेमेनच्या रानातल्या जाती मात्र कोणी उकरून आणलेल्या विकत घेऊ नयेत. बेसुमार उकरण्यामुळे या झाडांवर संकट आले, म्हणून त्यांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर 'साइट्स' कराराने बंधने घातली आहेत.

लहान मुले आणि मांजरे

एक गोष्ट प्रत्येक घराने ध्यानात ठेवावी. सायक्लेमेन विषारी आहे. त्याच्या सर्व भागांत, आणि कंदात सर्वांत जास्त, सॅपोनिन नावाची द्रव्ये असतात. कंद खाल्ला गेला तर उलट्या, जुलाब, पोटात कळा असा त्रास होतो. मांजर किंवा कुत्र्याने कंद चावला तर त्यांच्या जिवावरही बेतू शकते. रसाने काहींच्या हाताला खाज सुटते, म्हणून कंद हाताळताना हातमोजे घालावेत आणि नंतर हात साबणाने धुवावेत.

धोका फुलांच्या दिवसांपेक्षा झोपेच्या दिवसांत जास्त. मातीतून काढलेला कंद लहान सुरणासारखा, बिटासारखा दिसतो. तो स्वयंपाकघरात, कांदे-बटाट्यांच्या टोपलीजवळ ठेवला तर घाईत कोणी चिरूनही टाकेल. म्हणून झोपेच्या काळात कंद कुंडीतच राहू द्यावा, कुंडीला 'विषारी कंद' अशी ठळक चिठ्ठी लावावी आणि ती मुलांच्या हाताला लागणार नाही अशा ठिकाणी ठेवावी. घरकामाला येणाऱ्या बाईंनाही सांगून ठेवावे. कोणी कंद खाल्लाच तर घरगुती उपायांत वेळ न घालवता डॉक्टरांकडे जावे आणि रोपाचा तुकडा बरोबर न्यावा, म्हणजे त्यांना निदान करणे सोपे जाते.

आपल्या गावी जमेल का?

महाबळेश्वर, पाचगणीसारख्या ठिकाणी सायक्लेमेन फारसे लाड न करता वाढते. पुणे, नाशिक, कोल्हापूर, बेळगाव इथल्या हिवाळ्याच्या रात्री फुलांसाठी छान असतात, उन्हाळ्यात मात्र कंदाला घरातली सर्वांत गार जागा द्यावी लागते. नागपूर-विदर्भात हिवाळ्यात फुले भरपूर येतील, पण चाळिशी ओलांडणाऱ्या उन्हाळ्यात कंद वाचण्याची शक्यता कमी. मुंबई आणि कोकण-गोव्याच्या दमट हवेत ते दोन महिन्यांचे पाहुणे आहे असे समजूनच आणावे.

ज्यांच्या हवेत ते टिकत नाही त्यांनी मन खट्टू करू नये. आपल्या पावसाच्या घड्याळाने चालणारी कंदाची फुले कमी नाहीत. भुईचाफा उन्हाळ्यात पाने येण्याआधीच मातीतून सुवासिक फुले वर काढतो. मे फ्लॉवरचा लाल चेंडू वळवाच्या पहिल्या सरीनंतर उमलतो. रंगीत पानांचे कॅलेडियम पावसाळाभर घर सजवते. या झाडांचा कंद थंडीत झोपतो आणि त्याला कोरडे ठेवायला आकाशही मदत करते.

वर्षभराची कामे

नोव्हेंबर ते फेब्रुवारी : फुलांचा काळ. उजेड, गारवा, ताटलीतून पाणी, पंधरा दिवसांनी पातळ खत.

मार्च : पाणी कमी, खत बंद. पिवळी पाने आपोआप वाळू द्यावीत.

एप्रिल ते जुलै : झोप. कुंडी आडवी, सावलीत, पावसापासून दूर. मधूनमधून किंचित ओल.

ऑगस्ट-सप्टेंबर : दर आठवड्याला कंदाचा माथा पाहावा. कोंब दिसताच कुंडी आणि माती बदलावी.

ऑक्टोबर : पाने वाढतील तसे पाणी वाढवावे, खत सुरू करावे.

पहिल्याच वर्षी यश येईल असे नाही. एखादा कंद सुकेल, एखादा सडेल. पण नीट सांभाळलेला कंद अनेक वर्षे जगतो, दर वर्षी थोडा रुंद होतो आणि आधीपेक्षा जास्त फुले देतो. तेव्हा या मार्चमध्ये पाने पिवळी पडू लागली की झारी बाजूला ठेवा, कुंडीवर चिठ्ठी लावा आणि कंदाला निवांत झोपू द्या.